विकर्णाला वाहवा देणारी सभा

दरवर्षी १५ ऑक्टोबर जवळ आला की वाचनावरची आपली जुनी भांडणे नव्याने सुरू होतात. डॉ. अब्दुल कलाम यांची जयंती २०१५ पासून महाराष्ट्रात ‘वाचन प्रेरणा दिन’ म्हणून साजरी होते. त्या निमित्ताने एक पक्ष हिरिरीने सांगतो की मुलांच्या हाती गोष्टीची पुस्तके द्या, म्हणजे ती दुसऱ्याचे दुःख जाणणारी कनवाळू माणसे होतील. दुसरा पक्ष तितक्याच हिरिरीने विचारतो की एवढी कपाटे भरून वाचणारे लोक कोणाच्या अडीअडचणीला धावून गेल्याचे तुम्ही पाहिले आहे काय? मला हे दोन्ही पक्ष चुकीच्या जागी भांडताना दिसतात. साहित्याचे नैतिक मोल वाचकाच्या डोळ्यांत किती पाणी येते यावर ठरते, हे दोघांनीही न बोलता मान्य करून टाकले आहे. वाद उरतो तो पाणी खरे की खोटे एवढाच. साहित्य कळवळा जागा करते हे खरे आहे, पण ते त्याचे सर्वांत किरकोळ काम आहे. दुसऱ्याच्या दुःखाने कळवळणे, त्या प्रसंगी योग्य काय आणि अयोग्य काय याचा स्वतःशी निवाडा करणे, आणि त्या निवाड्यासाठी चारचौघांत उभे राहणे या वेगवेगळ्या गोष्टी आहेत. पहिलीतून दुसरी आणि दुसरीतून तिसरी आपोआप निपजत नाही. थोर साहित्य आपल्याला पहिलीपाशी सुखाने बसू देत नाही, आणि त्याचे मोल मला तिथे दिसते. मराठी परंपरेने हे फार स्पष्ट शब्दांत सांगून ठेवले आहे. आपण मात्र तिच्यातला मऊ भाग तेवढा पाठ्यपुस्तकांत घेतला.

आधी विरुद्ध पक्षाचा सर्वांत बळकट मुद्दा मोकळेपणाने मान्य केला पाहिजे. त्यासाठी जर्मन कवी गोएथे वाचणारे नाझी अधिकारी कशाला आठवायचे? पंढरपूरला जावे. विठ्ठलमंदिराच्या महाद्वारापाशी नामदेवाची पायरी आहे आणि तिथेच समोर चोखोबांची समाधी आहे. ‘ऊस डोंगा परी रस नोहे डोंगा, काय भुललासी वरलिया रंगा’ हा त्यांचा अभंग त्या समाधीवरून महाद्वारात शिरणाऱ्या लाखो वारकऱ्यांना तोंडपाठ होता. टाळ-मृदंगाच्या साथीने तो म्हणताना कित्येकांचा कंठ दाटून येत असेल, आणि ते दाटून येणे खोटे होते असे म्हणण्याचा मला काही अधिकार नाही. पण १३३८ मध्ये चोखोबा मंगळवेढ्याला गावकुसाची भिंत कोसळून गेले आणि १९४७ उजाडेपर्यंत त्यांच्या जातीच्या माणसाला त्या पायरीपुढे पाऊल टाकता आले नाही. सहाशे वर्षांत एका अभंगावर जितके अश्रू सांडले असतील तितके मराठीत दुसऱ्या कशावर सांडले असतील असे वाटत नाही; तरीही दार बंदच राहिले. वाचनाने, श्रवणाने, पाठांतराने माणूस आपोआप न्यायी होत असता तर पंढरपूर हे भारतातले पहिले मुक्तद्वार देवस्थान झाले असते.

ही गोष्ट आपल्याकडचीच आहे असेही नाही. प्राचीन ग्रीसमधल्या फेराई नगराचा जुलमी राजा अलेक्झांडर नाटककार युरिपिडीसचे नाटक अर्ध्यावर सोडून उठून गेला, असे चरित्रकार प्लुटार्कने लिहून ठेवले आहे. ज्याने आपल्याच प्रजेतली इतकी माणसे मारली त्याला ट्रॉयच्या राण्यांसाठी रडताना लोकांनी पाहावे, याची त्याला लाज वाटली. जुलमी माणसालाही रडू येते, ते लपवावेसेही वाटते, आणि दुसऱ्या दिवशी कारभार पूर्ववत चालू राहतो. वाचनाने परभावना ओळखण्याची शक्ती वाढते असे दाखवणारा एक प्रयोग २०१३ मध्ये ‘सायन्स’ या नियतकालिकात छापून आला तेव्हा वाचनप्रेमींनी तो डोक्यावर घेतला होता. पुढे इतरांनी तोच प्रयोग करून पाहिला तेव्हा तसा परिणाम दिसला नाही. तो दिसला असता तरी माझ्या दृष्टीने फारसा फरक पडला नसता. दुसऱ्याच्या मनात काय चालले आहे हे अचूक ओळखणे सावकारालाही जमते.

दुसरा आक्षेप याहून बोचरा आहे, आणि तो ज्यांनी सोसले त्यांच्या बाजूने आलेला आहे. तुमच्या कळवळ्याचे आम्ही काय करायचे, असा तो प्रश्न आहे. नाशिकच्या काळाराम मंदिराचा सत्याग्रह २ मार्च १९३० रोजी सुरू झाला, वर्षानुवर्षे चालला, आणि शेवटी १३ ऑक्टोबर १९३५ रोजी येवल्याला डॉ. बाबासाहेब आंबेडकरांनी धर्मांतराची घोषणा केली. तोवर त्यांना देवळाच्या दाराचा मोह उरलेला नव्हता. त्यांना पाझर नको होता, हक्क हवा होता. आणि पाझर फुटणाऱ्या माणसाच्या मर्जीवर हक्क टांगून ठेवण्यातला अपमान त्यांनी नेमका ओळखला होता. कळवळा हा वरून खाली वाहतो, देणाऱ्याला मोठे करतो, आणि वाहायचा की नाही हे देणाऱ्यानेच ठरवायचे असते. शिवाय तो जवळच्यांकडे आधी वळतो. धृतराष्ट्राला भावना नव्हत्या असे कोण म्हणेल? त्याच्याजवळ माया भरपूर होती. ती एकाच दिशेला वाहत होती.

मात्र इथेच एक गोष्ट नीट पाहण्यासारखी आहे, जी साहित्याला निरुपयोगी ठरवणारे सोयीस्करपणे विसरतात. दयेची याचना नाकारणाऱ्या याच माणसाने ३१ जानेवारी १९२० रोजी आपले पहिले पाक्षिक काढले तेव्हा त्याच्या शिरोभागी संतकवीच्याच ओळी छापल्या: ‘काय करूं आतां धरूनियां भीड । निःशंक हें तोंड वाजविलें ॥ नव्हे जगीं कोणी मुकियांचा जाण’. ‘मूकनायक’ हे नावच त्या अभंगाशी जोडलेले आहे. तुकारामांच्या गाथेत ‘जे का रंजले गांजले’ही होता, आणि अस्पृश्यांच्या पत्रासाठी तो वरवर पाहता अधिक शोभला असता. तो न घेता भीड सोडण्याचा अभंग निवडला गेला. पुढे ३ एप्रिल १९२७ रोजी ‘बहिष्कृत भारत’ सुरू झाले तेव्हा ज्ञानेश्वरीतून ओवी आली ती ‘आतां कोदंड घेऊनि हातीं, आरूढ पां इये रथीं’ ही. चवदार तळ्याच्या सत्याग्रहाला तेव्हा जेमतेम दोन आठवडे झाले होते. सहाशे वर्षे ज्या वाङ्मयावर लोक गहिवरत आले, त्याच वाङ्मयातून एका वाचकाने गहिवर बाजूला सारून धनुष्य उचलण्याची आज्ञा काढली. साहित्याने माणूस सुधारतो काय, असे विचारणाऱ्यांनी आधी कोणत्या ओळी, कोण आणि कशासाठी वाचतो आहे, हे विचारायला नको काय?

कळवळा, निवाडा आणि त्यासाठी चारचौघांत उभे राहणे या तिन्ही गोष्टींमधले अंतर कोणी दाखवले असेल तर ते महाभारताच्या सभापर्वाने, आणि इतक्या निर्दयपणे की पुढच्या निवेदकांना ते सोसवले नाही. द्रौपदीला केसांना धरून आणले आहे. तिचा प्रश्न कायद्याचा आहे: धर्मराज आधी स्वतःला हरले की आधी मला? स्वतः दास झालेला माणूस दुसऱ्याला पणाला लावू शकतो काय? सभेतल्या कितीतरी जणांना तिची दशा पाहवत नाही. म्हणजे कळवळा आहे. भीष्म बोलतात ते एवढेच की धर्माची गती सूक्ष्म आहे, आणि बलवान माणूस ज्याला धर्म म्हणतो त्यालाच लोक धर्म मानतात. म्हणजे विवेकही जागा आहे, बरोबर काय ते दिसते आहे, आणि बोलायचे नाही म्हणून तो सूक्ष्मतेच्या आड जाऊन बसला आहे. मग उठतो विकर्ण. दुर्योधनाचा धाकटा भाऊ, वयाने लहान. तो उत्तरासाठी राजांकडे पुनःपुन्हा पाहतो, कोणी बोलत नाही असे पाहून हातावर हात चोळतो आणि मग मुद्दे मांडतो: द्यूत हे राजांचे व्यसन आहे आणि व्यसनाधीन माणसाचे कृत्य प्रमाण धरत नाहीत, द्रौपदी पाचांची आहे, एकट्याची नव्हे, युधिष्ठिर आधी स्वतःला हरला होता, आणि तिचे नाव पणासाठी सुचवले ते शकुनीने. म्हणून ती जिंकली गेलेली नाही.

यानंतर महाभारतकार जे सांगतात ते मला या सबंध प्रसंगात सर्वांत भेदक वाटते. सभेत मोठा गलका होतो. सभासद विकर्णाची प्रशंसा करतात आणि शकुनीची निंदा करतात. त्याला वाहवा मिळते! मग कर्ण उठतो, विकर्णाला पोरकट ठरवतो, आणि वस्त्रे उतरवण्याची आज्ञा देतो. ज्यांनी एवढ्यात वाहवा दिली त्यांतला एकही जण आपल्या जागेवरून हलत नाही. आज कोणाच्या धाडसी भाषणाची चित्रफीत हजारो लोकांना पाठवून जे समाधान आपल्याला मिळते, ते या सभेला अगदी ओळखीचे होते. भांडारकर संस्थेच्या चिकित्सक आवृत्तीत द्रौपदीने कृष्णाचा धावा केल्याचा भाग मूळ संहितेत घेतलेला नाही. तो नंतरची भर ठरला. मला त्या भर घालणाऱ्यांचे मन समजते. एवढी भरलेली सभा, एवढे जाणते लोक, आणि कोणीच नाही, हे असह्य झाल्यावर देवाला बोलावण्यावाचून निवेदक दुसरे काय करणार?

आणि विदुर काय करतो? तो हिशेब मांडतो. निंद्य कृत्याची जिथे निंदा होत नाही, त्या सभेत पापाचा अर्धा वाटा सभाप्रमुखाला जातो, चौथा हिस्सा करणाऱ्याला, आणि उरलेला चौथा हिस्सा गप्प बसलेल्या सभासदांना. हे गणित वारंवार वाचण्यासारखे आहे. करणारा आणि पाहणारा यांचा वाटा सारखा! मनातून हळहळणाऱ्याला यात कोणतीही सूट नाही. सभासदाने द्रौपदीसाठी रात्रभर डोळ्याला डोळा लावला नाही, म्हणून त्याचा हिस्सा कमी झाला असे विदुर म्हणत नाही. आपल्या मूल्यशिक्षणाच्या तासाला हा श्लोक का नसावा, याचे उत्तर अवघड नाही. पहिला प्रश्न मुले कोणाला विचारतील हे आपल्याला ठाऊक आहे.

तुकारामांनी तर आपल्या चरित्रपर अभंगात कळवळ्याचे मूळ आणि विवेकाचे बळ दोन्ही शेजारी ठेवली आहेत. दुष्काळाने द्रव्य आटवले, मान गेला, एक बायको अन्न अन्न करत मेली, हे त्यांनी सांगितले आहे. आणि त्याच अभंगात पुढे ओळ येते, ‘सत्य असत्याशीं मन केलें ग्वाही। मानियेलें नाहीं बहुमता’. दुःख भोगलेला माणूस हळवा होतो यात नवल नाही. पण त्या दुःखातून गेल्यावर आपल्या मनाला साक्षीला उभे करावे आणि गाव काय म्हणते ते मोजू नये, ही निराळीच कमाई आहे. ‘मऊ मेणाहूनि आम्ही विष्णुदास’ इथपर्यंत आपण भक्तिभावाने म्हणतो. ‘कठिण वज्रास भेदूं ऐसे’ हा दुसरा चरण मात्र जीभ उरकून टाकते. मनाला ग्वाही करण्यात धोका आहे, हेही मान्य केले पाहिजे. बहुमत न मानणारा प्रत्येक जण तुकाराम नसतो; हटवादी, विक्षिप्त आणि धर्मांध माणसेही आपल्या अंतर्मनाचीच साक्ष काढतात. पण मग साहित्य कामाला येते ते इथेच. ते मनाला नुसते बोलते करत नाही, त्याची उलटतपासणी घेते. विकर्णाने चार कारणे दिली. नुसता ‘मला वाईट वाटते’ म्हणून तो खाली बसला नाही.

आता साने गुरुजींचे उदाहरण घेतो, कारण मराठीत हळवेपणाचा शिक्का सर्वांत घट्ट बसला आहे तो त्यांच्यावर. ‘श्यामची आई’ त्यांनी १९३३ च्या फेब्रुवारीत नाशिकच्या तुरुंगात लिहिले. त्यातल्या ‘देवाला सारी प्रिय’ या रात्रीत महारवाड्यातल्या एका म्हातारीच्या डोक्यावरची मोळी खाली पडते, शिवायचे कसे म्हणून ती परत चढवून द्यायला कोणी पुढे होत नाही, आणि आई श्यामला पाठवते. वाचणाऱ्याचे डोळे भरून येतात, आणि पुष्कळांच्या लेखी गुरुजी तिथेच संपतात. पण लिहिणारा तिथे संपला नव्हता. एका म्हातारीची मोळी उचलून दिल्याने तिला देवळात जाता येत नाही, हे त्याला कळले होते. १९४६ च्या अखेरीपासून सुमारे सहा महिने त्यांनी महाराष्ट्र पालथा घातला, गावोगाव सभा घेतल्या, आणि १ मे १९४७ पासून पंढरपुरात तनपुरे महाराजांच्या मठात उपोषण मांडले. विरोध सनातन्यांचा होता, तो अपेक्षितच होता. पण उपोषण सोडावे अशी तार खुद्द गांधीजींकडून आली. ज्या माणसाला त्यांनी गुरुस्थानी मानले त्याचा शब्द! तरी त्यांनी उपोषण सोडले नाही. दादासाहेब मावळंकरांची मध्यस्थी झाली, बडवे मंडळींनी मान्यता दिली, आणि १० मे रोजी उपोषण सुटले. शत्रूला नाही म्हणायला जेवढे धैर्य लागते त्याच्या दुप्पट आपल्या माणसाला नाही म्हणायला लागते, आणि नेमके हेच धैर्य हळव्या म्हणवल्या गेलेल्या लेखकाने दाखवले, याची नोंद आपल्या अश्रूंच्या पुरात वाहून गेली.

यावर एक रास्त हरकत येईल. गुरुजींना ते बळ पुस्तकांनी दिले नाही. राष्ट्रसभेच्या म्हणजे काँग्रेसच्या चळवळीने, तुरुंगवासाने, सेवादलाच्या सोबत्यांनी दिले. खरे आहे. धैर्य वाचून येत नाही. ते सवयीने आणि सोबतीने येते, आणि एकटा माणूस फार काळ धीट राहू शकत नाही. विकर्णाचेच पाहा. सभेत बोललेला हा माणूस कुरुक्षेत्रावर दुर्योधनाच्याच बाजूने लढला आणि भीमाच्या हातून मेला. मारल्यावर भीमालाही वाईट वाटले. त्याच्यापाशी शब्द होते, पण सोबतीला दुसरे कोणी उठले नाही, आणि रक्ताचे नाते सुटले नाही. महाभारत त्याला वीरपुरुष करून पूजेला लावत नाही, हा त्या ग्रंथाचा प्रामाणिकपणा आहे. साहित्याने धैर्याचा पुरवठा करावा ही अपेक्षाच मला अवाजवी वाटते. पण कोणते धैर्य लागेल, ते कुठे मोडते, आणि न दाखवल्यास हिशेब कोणाच्या नावे लागतो, हे आधीच सांगून ठेवण्याचे काम साहित्याखेरीज कोण करते? कायदा तर घटना घडून गेल्यावर येतो. मुंबई प्रांताचा हरिजन मंदिरप्रवेशाचा कायदाही १९४७ मधलाच, चोखोबांनंतर सहाशे वर्षांनी आलेला.

लेखकांनी सार्वजनिक प्रश्नांवर बोलावे की आपले लिहीत बसावे, हा वादही याच गैरसमजातून चिघळतो. डिसेंबर १९७५ मध्ये कराडला ५१ वे साहित्य संमेलन भरले तेव्हा देशात आणीबाणी होती. स्वागताध्यक्ष यशवंतराव चव्हाण हे केंद्र सरकारात परराष्ट्रमंत्री होते. अध्यक्ष दुर्गाबाई भागवत. जयप्रकाश नारायण कैदेतून सुटून, मूत्रपिंडे निकामी झालेल्या अवस्थेत मुंबईच्या जसलोक रुग्णालयात होते. दुर्गाबाईंनी त्यांच्या प्रकृतीसाठी प्रार्थना करायला सबंध मंडपाला उभे केले. पुढच्या वर्षी त्यांना अटक झाली. कोणी म्हणेल की एका प्रार्थनेने काय झाले, आणीबाणी तर १९७७ पर्यंत राहिलीच. परंतु यशवंतराव हे काही अरसिक, निबर गृहस्थ नव्हते. ग्रंथप्रेमी होते, लेखकांचे चाहते होते, आणि साहित्य संस्कृती मंडळ त्यांच्याच कारकिर्दीत १९६० मध्ये उभे राहिले. त्या मंडपात वाचलेल्या पुस्तकांची बेरीज केली असती तर सरकारच्या बाजूला काही उणे पडले नसते. संवेदनशीलता दोन्ही बाजूंना होती. फरक पडला तो मनाची ग्वाही आणि बहुमत यांत कोणाला मानायचे, या एका निवडीने. दुर्गाबाई महाभारताच्या मर्मज्ञ अभ्यासक होत्या, हा मला योगायोग वाटत नाही; गप्प सभेत अध्यक्षाच्या वाट्याला किती हिस्सा येतो, हे त्यांना पाठ असणार.

आता शाळेकडे वळतो, कारण भांडण तिथूनच निघाले होते. धड्याखाली प्रश्न येतो: आईच्या स्वभावाची वैशिष्ट्ये लिहा. उत्तर ठरलेले असते: प्रेमळ, कष्टाळू, दयाळू, संस्कारी. मार्गदर्शक पुस्तिकेत ते ठळक अक्षरांत छापलेले असते आणि परीक्षक त्या शब्दांवर बरोबरच्या खुणा करत जातो. याऐवजी, मोळी पडली तेव्हा रस्त्यावर जे बाकीचे लोक उभे होते त्यांच्या मनात काय चालले असेल आणि त्यांनी ते बोलून का दाखवले नाही, असे विचारता येईल. गुरूची तार हातात असताना ‘नाही’ म्हणावे की म्हणू नये, याच्या दोन्ही बाजू लिहायला सांगता येतील. भीष्मांचे उत्तर कायद्याने बरोबर होते काय, यावर वर्गात तासभर भांडण होऊ द्यावे. शिक्षकांना ते झेपेल की नाही अशी शंका मला येते, कारण अभ्यासक्रम संपवायचा असतो आणि वरून परिपत्रक येते. पालकांची तक्रारही येईल की पोर घरी उलट उत्तरे देऊ लागले. ती तक्रार बहुधा खरीच असेल. फक्त या प्रश्नांना गुण ठेवू नयेत. गुण ठेवले की मुले परीक्षकाला आवडेल ते लिहितील, आणि बहुमताला न जुमानण्यावरचा निबंध बहुमताला पसंत पडेल अशा बेताने लिहिण्याची कला आपल्या मुलांना आधीच उत्तम अवगत आहे.